एका मिनिटाच्या रीलमधून गळलेलं भाषण

तुम्हीही ते रील पाहिलं असणार. ब्लॅक अँड व्हाइट फुटेज. एका मोठ्या इमारतीच्या पायऱ्या, त्यावर माइकसमोर उभा असलेला कुरळ्या केसांचा उंच पोरगा, समोर नजर पोहोचेल तिथपर्यंत माणसं. तो म्हणतो की अशी एक वेळ येते, जेव्हा या यंत्राच्या चालण्याची इतकी किळस येते, मन इतकं विटतं की तुम्ही त्यात सामील होऊ शकत नाही, गपगुमानसुद्धा नाही. मग त्याच्या दात्यांवर, चाकांवर, लिव्हरवर आपलं शरीर झोकून द्यावं लागतं आणि ते थांबवावं लागतं. मागे कुणीतरी संथ पियानो लावलेला असतो. टाळ्या. रील संपतं आणि पुढचं सुरू होतं, बहुतेक एअर फ्रायरमधल्या भेंडीचं.

मी ते पहिल्यांदा पाहिलं एप्रिल २०२४मध्ये. तेव्हा न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठातल्या हिरवळीवर तंबू पडले होते, गाझातल्या युद्धाशी संबंधित कंपन्यांतून विद्यापीठाने आपला पैसा काढावा अशी मागणी होती, आणि अल्गोरिदमला वाटलं की ज्याने ते व्हिडिओ पाहिले त्याला साठ वर्षांपूर्वीचा हा पोरगाही आवडेल. आवडला. मी ते रील सेव्ह केलं, स्टेटसला ठेवलं, दोन जणांनी आगीचा इमोजी पाठवला.

पोराचं नाव मारिओ सॅव्हिओ. वय एकवीस. तारीख २ डिसेंबर १९६४, जागा बर्कलीच्या स्प्राऊल हॉलच्या पायऱ्या. नंतर कधीतरी मी संपूर्ण भाषण शोधून ऐकलं, मग त्याचं लिखित रूप वाचलं, आणि लक्षात आलं की रीलमध्ये आहे तो या भाषणातला सगळ्यात गाजलेला आणि माझ्या मते सगळ्यात अर्धवट भाग आहे. त्याच्या आधी एक युक्तिवाद आहे आणि त्याच्या नंतर एक बेत आहे. दोन्ही कापले गेलेत. हा लेख त्या कापलेल्या भागाबद्दल आहे, आणि थोडासा मूळ भाषणातच जे नव्हतं त्याबद्दलही.

पार्श्वभूमी पटकन सांगतो, कारण ती विकिपीडियावर चांगली मिळते. बर्कली विद्यापीठाच्या दक्षिण दाराशी, बँक्रॉफ्ट आणि टेलिग्राफ हे दोन रस्ते मिळतात तिथे, फुटपाथचा एक छोटा पट्टा होता. तिथे विद्यार्थी टेबलं मांडायचे, पत्रकं वाटायचे, पैसे गोळा करायचे. सगळे समजत होते की ती जागा शहराची आहे. सप्टेंबर १९६४मध्ये विद्यापीठाने जाहीर केलं की जागा आमची आहे आणि इथे राजकीय काम चालणार नाही. हे नेमकं अशा वेळी झालं, जेव्हा काही पोरं उन्हाळाभर मिसिसिपीत काळ्या लोकांची मतदार नोंदणी करून परत आली होती. सॅव्हिओ त्यांतलाच. जिथे मतदार यादीत नाव घालायला जाणाऱ्याचा खून होतो तिथून परत आलेल्या पोराला तुम्ही सांगता की बाबा रे, टेबल मांडू नकोस. १ ऑक्टोबरला पोलिसांनी जॅक वाइनबर्ग नावाच्या माजी विद्यार्थ्याला टेबलावरून उचलून गाडीत घातलं. पोरं गाडीभोवती खाली बसली. ती गाडी बत्तीस तास तिथून हलली नाही आणि वाइनबर्ग तितके तास गाडीतच बसून राहिला. गाडीच्या टपाचं व्यासपीठ झालं. सॅव्हिओ टपावर चढला तो आधी बूट काढून, पत्र्याला पोचे पडू नयेत म्हणून. हा तपशील मला फार आवडतो. आपल्याकडे देवळात शिरताना काढतात तसे त्याने पोलिसांच्या गाडीवर चढताना बूट काढले.

(याच वाइनबर्गने पुढे एका पत्रकाराला वैतागून सांगितलं होतं की आमच्यात तिशीपुढच्या कुणावरही विश्वास ठेवायचा नाही असं म्हणतात. वाक्य प्रचंड गाजलं. मला तिशी गाठायला चौदा महिने आहेत, म्हणून हा लेख आत्ता लिहितोय.)

आता रीलच्या आधीचा भाग. सॅव्हिओ सांगतो: आम्ही विचारलं की विद्यापीठाचे अध्यक्ष क्लार्क कर जर आतून आमची बाजू मांडत असतील, तर ते नियामक मंडळाविरुद्ध उघडपणे का बोलत नाहीत? तर एका सुस्वभावी, उदारमतवादी माणसाने उत्तर दिलं की एखाद्या फर्मचा मॅनेजर आपल्या संचालक मंडळाविरुद्ध जाहीर बोलेल अशी कल्पना तरी करता येते का? सॅव्हिओ हे उत्तर हातात धरतो आणि शांतपणे उलगडतो. ठीक आहे, ही फर्म. नियामक मंडळ म्हणजे संचालक. अध्यक्ष म्हणजे मॅनेजर. मग प्राध्यापक झाले नोकर. आणि आम्ही? आम्ही कच्चा माल. फक्त हा कच्चा माल असा आहे की त्याला कुणाचा तरी तयार माल व्हायचं नाहीये, सरकारने किंवा उद्योगांनी विकत घ्यावा म्हणून. आम्ही माणसं आहोत.

समीक्षक म्हणून पाहिलं तर ही भाषणातली खरी कारागिरी. तो आपली उपमा लादत नाही. समोरच्याने सहज वापरलेली उपमा घेतो आणि ती शेवटपर्यंत चालवून दाखवतो. आमच्या धंद्यात याला इनपुट देऊन फंक्शन रन करणं म्हणतात: तुमचंच लॉजिक, फक्त आउटपुट बघा. यंत्राची प्रतिमा या हिशोबातून येते. फर्म आहे, कच्चा माल आहे, म्हणजे मध्ये कुठेतरी यंत्र असणारच. रीलमध्ये हा हिशोब गळतो आणि यंत्र आकाशातून पडल्यासारखं येतं. मग ते कुठलंही यंत्र होऊ शकतं. म्हणूनच ते रील लसविरोधकही शेअर करतात, क्रिप्टोवालेही, आणि जिमवालेसुद्धा.

कच्च्या मालाबद्दल माझ्या पिढीला वेगळं सांगायला नको. इंजिनिअरिंगच्या चौथ्या वर्षी, पहाटे पाच वाजता, इस्त्रीचा पांढरा शर्ट आणि मित्राचा उसना टाय घालून सेमिनार हॉलबाहेर बसलेली साडेतीनशे पोरं आठवा. साठ टक्के थ्रूआउट, लाइव्ह केटी नको, गॅप नको. पण एक फरक आहे आणि तो मला सॅव्हिओच्या भाषणाच्या आड येतो. त्याला कच्चा माल म्हटलं तेव्हा अपमान वाटला. आम्हाला माल म्हणून उचललं गेलं नाही तर अपमान वाटायचा. उचलल्या गेलेल्या पोरांचे फोटो कॉलेजच्या फ्लेक्सवर लागायचे, खाली पॅकेज.

क्लार्क कर यांच्यावर थोडं थांबायला हवं, कारण रील-संस्कृतीत त्यांचा फक्त खलनायक होतो. कर हे कामगार प्रश्नांचे अर्थतज्ज्ञ, स्वभावाने समेट घडवणारे, पंथाने क्वेकर. त्याच १९६४ सालात अमेरिकी प्राध्यापकांच्या राष्ट्रीय संघटनेने त्यांना शैक्षणिक स्वातंत्र्यासाठीचा पुरस्कार दिला होता. कॅलिफोर्नियाचा १९६०चा उच्च शिक्षणाचा मास्टर प्लॅन मुख्यतः त्यांचा: राज्यातल्या प्रत्येक पोराला कुठल्या ना कुठल्या सरकारी कॉलेजात जागा, आणि शिकवणीची फी नाही. १९६३मध्ये त्यांनी आधुनिक विद्यापीठावर एक पुस्तक लिहिलं. त्यात त्यांनी म्हटलं की एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रेल्वेने अर्थव्यवस्थेसाठी जे केलं, ते आता ज्ञानाचा उद्योग करू शकेल. हे भाकीत इतकं बरोबर निघालं की त्याच बर्कलीपासून तासाभराच्या अंतरावर आज जगातल्या सगळ्यात श्रीमंत कंपन्या आहेत, आणि माझा पगार त्या साखळीच्या टोकाला लटकलेला आहे. विद्यार्थ्यांना राग आला तो याच भाषेचा. मास्टर प्लॅनमुळे फुकट शिकणारी पोरं मास्टर प्लॅनच्या कर्त्याला मॅनेजर म्हणत होती. दोघंही आपापल्या जागी खरे होते, आणि दोघांना वरून कोण पाहत होतं ते पुढे कळलं: एफबीआय सॅव्हिओवर नजर ठेवून होती आणि करना काढायलाही हातभार लावत होती. रोनाल्ड रेगन १९६६मध्ये बर्कलीतला गोंधळ साफ करण्याचं आश्वासन देऊन गव्हर्नरपदी निवडून आले. जानेवारी १९६७मध्ये कर यांना काढलं. जाताना ते म्हणाले की मी आलो होतो तसाच जातोय, मोठ्या उत्साहात. इंग्रजीत त्यावर कोटी होते, मराठीत होत नाही.

हा भाग भाषणाच्या बाजूने नाही. यंत्र थांबवायला निघालेल्यांच्या डोळ्यांसमोर यंत्राचे मालक बदलले आणि नवे मालक जास्त कडक निघाले. पुढच्या काही वर्षांत फी येऊ लागली. आज अमेरिकेतला विद्यार्थी कच्चा माल राहिलेला नाही; तो ग्राहक आहे, कर्ज काढून आलेला. ग्राहकाने दुकान बंद पाडलं तर दुकानदार काय म्हणतो ते आपल्याला माहीत आहे.

यंत्राची उपमा त्या पोरांना सुचली ती हवेतून नाही. विद्यापीठाचा सगळा कारभार तेव्हा आयबीएमच्या पंचकार्डांवर चालायचा. प्रवेश, विषय, गुण, सगळं त्या जाड पिवळट कार्डांवरच्या भोकांत. कार्डांवर सूचना असायची: घडी घालू नका, खोचू नका, फाडू नका. खोचू नका म्हणजे वाण्याच्या दुकानात पावत्या तारेला खोचतात तसं खोचू नका, भोकं बिघडतील. पोरांनी हे वाक्य उचललं आणि स्वतःच्या गळ्यात अडकवलं: मी विद्यापीठाचा विद्यार्थी आहे, कृपया मला घडी घालू नका, खोचू नका, फाडू नका. काहींनी कार्डांत भोकं पाडून चळवळीची अक्षरंच उमटवली.

मला वाटतं, या सगळ्या चळवळीतलं सगळ्यात चांगलं लेखन हे आहे. भाषणापेक्षा चांगलं. एक तर ते विनोदी आहे. दुसरं म्हणजे त्यात एक बारीक अपमान पकडलाय: तुम्ही कार्डाची काळजी माझ्यापेक्षा जास्त घेता. सॅव्हिओच्या यंत्राला दाते, चाकं, लिव्हर आहेत. ते एकोणिसाव्या शतकातल्या गिरणीचं यंत्र आहे. पंचकार्डवालं यंत्र मात्र विसाव्या शतकातलं आहे. त्यात शरीर अडकत नाही, नाव अडकतं. मी रोज ज्या डेटाबेसवर काम करतो तो त्या कार्डांचा थेट नातू आहे. त्यात माणूस म्हणजे एक ओळ. ओळीतला एक रकाना बदलला की माणसाचा अर्ज नाकारला जातो आणि कुठेही दात्यांचा कर्रकर्र आवाज येत नाही.

यंत्राच्या प्रतिमेवरचा माझा आक्षेप इथून सुरू होतो. गिरणी थांबवता येते. मधोमध बसलं की पट्टा थांबतो. बर्कलीत तसं झालंही: २ डिसेंबरला हजाराहून अधिक पोरं इमारतीत शिरून बसली, पहाटे तीनच्या सुमाराला अटका सुरू झाल्या, त्या संपायला दुसऱ्या दिवसाची दुपार उलटली, जवळपास आठशे जणांना उचललं. ८ डिसेंबरला प्राध्यापकांच्या सभेने ८२४ विरुद्ध ११५ मतांनी विद्यार्थ्यांची बाजू घेतली. त्या दिवशी सॅव्हिओ बावीस वर्षांचा झाला. यंत्र थांबलं आणि मागणी मिळाली, कारण मागणी थांबण्याचीच होती: आम्हाला अडवू नका. पण आजच्या सिस्टिम थांबू नयेत अशाच बांधलेल्या असतात. एक सर्व्हर पडला की लोड दुसऱ्यावर जातो. हे करण्याचेच मला पैसे मिळतात. २०२४मध्ये कोलंबियाने काय केलं? वर्ग ऑनलाइन नेले. मुख्य पदवीदान समारंभ रद्द करून छोटे छोटे घेतले. ३० एप्रिलच्या पहाटे विद्यार्थ्यांनी हॅमिल्टन हॉल ताब्यात घेतला, त्याच रात्री पोलिसांनी तो रिकामा केला. १९६८मध्येही तिथे पोलीस शिरले ती तारीख ३० एप्रिलच होती. तेव्हा सातशेच्या आसपास अटका झाल्या. पण हार्लेमला लागून असलेल्या बागेत विद्यापीठ जे जिम बांधत होतं ते कायमचं बंद झालं. जिम ही बांधायची गोष्ट होती, तिचं काम थांबवता आलं. गुंतवणूक ही आकड्यांची गोष्ट आहे, ती पायऱ्यांवर बसून थांबत नाही.

आणि दुसरा आक्षेप जास्त जवळचा. या भाषणात यंत्र चालवणारा माणूस दिसत नाही. संचालक आहेत, मॅनेजर आहे, कच्चा माल आहे. प्राध्यापकांना नोकर म्हणून एका वाक्यात उडवलंय. पण रात्री लिव्हर ओढणारा कोण? त्याला पगार असतो, होमलोन असतं. त्याच एप्रिल २०२४मध्ये गूगलच्या न्यूयॉर्क आणि सनीवेलच्या ऑफिसांत काही इंजिनिअर इस्रायल सरकारबरोबरच्या क्लाउडच्या कंत्राटाविरोधात ठाण मांडून बसले. दुसऱ्याच दिवशी अठ्ठावीस जणांना काढलं, नंतर आकडा वाढला. आमच्या ऑफिसच्या कँटीनमध्ये त्यावर चर्चा झाली. चर्चेचा सूर होता: यांच्या व्हिसाचं काय झालं असेल? मीही तेच विचारलं.

आता ती गोष्ट, जी या भाषणाच्या सावलीत कायम झाकली जाते. २ डिसेंबर १९६८. बरोबर चार वर्षांनी, बर्कलीपासून खाडीपलीकडे, सॅन फ्रान्सिस्को स्टेट कॉलेजात. तिथे ६ नोव्हेंबरपासून संप चालू होता. ब्लॅक स्टुडंट्स युनियन आणि थर्ड वर्ल्ड लिबरेशन फ्रंट, म्हणजे काळे, मेक्सिकन, फिलिपिनो, चिनी, जपानी वंशाचे विद्यार्थी एकत्र. ठिणगी होती ती जॉर्ज मरे नावाच्या ब्लॅक पँथर असलेल्या शिक्षकाला निलंबित केल्याची. नवे प्रभारी अध्यक्ष एस. आय. हायाकावा, व्यवसायाने भाषेचे अभ्यासक, शब्दार्थावर गाजलेलं पुस्तक लिहिलेले, त्या दिवशी संपकऱ्यांच्या ट्रकवर चढले आणि त्यांनी लाउडस्पीकरच्या वायरी उपटल्या. अर्थाच्या पंडिताने आवाजच काढून घेतला. देशभर फोटो झळकले, हायाकावा हिरो झाले, आणि १९७६मध्ये सिनेटवर निवडून गेले.

या संपातून माइकसमोरचं कुठलंही वाक्य रील होऊन फिरत नाही. जे उरलं ते पंधरा मागण्यांची एक यादी. दहा काळ्या विद्यार्थ्यांच्या, पाच फ्रंटच्या. ती वाचायला एखाद्या टेंडर नोटीसइतकी रसाळ आहे. इतक्या पूर्णवेळ जागा द्या. विभागाला पदवी द्यायचा अधिकार द्या. अर्ज केलेल्या सगळ्या काळ्या विद्यार्थ्यांना पुढच्या वर्षी प्रवेश द्या. अमुक प्राध्यापकाला पूर्ण पगार द्या. मारिओ सॅव्हिओ म्हणतो आम्ही माणसं आहोत, आणि अंगावर काटा येतो. ही यादी म्हणते आम्हाला जागा किती आणि पगार कोण देणार, आणि काटा येत नाही. पण यादी वाचताना मला काहीतरी ओळखीचं वाटलं, आणि मग कळलं काय ते: हे स्पेसिफिकेशन आहे. कुणीतरी रात्र रात्र बसून ठरवलंय की थांबवल्यावर काय बांधायचं, आणि ते इतकं नेमकं लिहिलंय की समोरच्याला होकार देऊन टाळता येणार नाही.

साडेचार महिने संप चालला. एका दिवसात चारशेहून जास्त लोकांना अटक झाली. मार्च १९६९मध्ये तडजोड झाली आणि त्याच वर्षी तिथे एथ्निक स्टडीजचं स्वतंत्र विद्यालय उघडलं. सगळ्या मागण्या मान्य झाल्या नाहीत. मरे परत आले नाहीत, आणि काळ्या अभ्यासाची आखणी करणाऱ्या नेथन हेअर यांना त्याच कॉलेजने पुढे ठेवलं नाही. खाडीअलीकडे बर्कलीतही त्याच हिवाळ्यात तसाच संप झाला आणि तसाच विभाग आला. जाता जाता: ‘एशियन अमेरिकन’ हा शब्दही १९६८मध्ये बर्कलीच्या विद्यार्थ्यांनीच काढलेला. बे एरियातले आमचे जे दादा आणि वहिनी फॉर्मवर त्या चौकोनात टिक करतात आणि घरी आल्यावर पोरांना ‘आंदोलनं-बिंदोलनं आपलं काम नाही’ म्हणतात, तो चौकोन आंदोलनातून आलाय.

या धाग्याचं दुसरं टोक आपल्या फार जवळ येतं. कोलंबिया म्हटलं की मराठी माणसाला आधी बाबासाहेब आठवतात, १९१३ ते १६. पण अमेरिकी कॅम्पसवर जात हा शब्द नियमात यायला त्यानंतर शंभर वर्षं लागली. डिसेंबर २०१९मध्ये ब्रँडाइस विद्यापीठाने भेदभावविरोधी धोरणात जात घातली, तसं करणारं ते पहिलं. जानेवारी २०२२मध्ये कॅलिफोर्निया स्टेट विद्यापीठाने आपल्या तेवीसच्या तेवीस कॅम्पसवर ती घातली. सॅन फ्रान्सिस्को स्टेट हे त्याच तेविसांतलं एक. त्यासाठी विद्यार्थी संघटनांनी ठराव केले, प्राध्यापकांच्या युनियनने करारात मुद्दा घेतला, दलित विद्यार्थ्यांनी उघडपणे आपले अनुभव सांगितले. ज्यांनी आपली जात रूममेटपासून लपवली होती त्यांना ती आता सभेत माइकवर सांगावी लागली. पायऱ्यांवरच्या कुठल्याही भाषणापेक्षा त्याला कमी धैर्य लागत नसणार. विरोधही भारतीयांचाच: काही प्राध्यापकांनी पत्र लिहिलं, पुढे दोघे कोर्टात गेले. राज्यभरासाठीचं विधेयक ऑक्टोबर २०२३मध्ये गव्हर्नरने नाकारलं. कॅम्पसच्या नियमात मात्र तो एक शब्द आला. लांबलचक यादीत, स्वल्पविराम देऊन, आणखी एक शब्द. डेटाबेसच्या भाषेत सांगायचं तर रकाना तयार झाला. रकाना नसेल तर तक्रार कुठे नोंदवणार?

म्हणजे सॅव्हिओ हरला आणि यादीवाले जिंकले, असं म्हणायचं आहे का? मी तसंच म्हणणार होतो. या लेखाच्या पहिल्या खर्ड्यात तसंच होतं. मग मी भाषणाचा शेवट पुन्हा ऐकला.

रील संपतं तिथे भाषण संपत नाही. तो लगेच म्हणतो की याचा अर्थ काहीतरी फोडायचं असा नाही, जरी काही पेपरवाले उद्या तसं छापतील. हजार माणसं कुठेतरी खाली बसली तरी कुठलंही यंत्र थांबतं. आणि मग आवाजाची पट्टी बदलते. तो एकदम गणपती मंडळाच्या कार्यकर्त्यासारखा बोलायला लागतो. आत गेल्यावर काय काय आहे ते सांगतो. सिनेमे दाखवू. झोपायला जागा आहे, अभ्यासाला जागा आहे. आणि या विद्यापीठात बऱ्याच दिवसांत घडलेली नाही अशी एक गोष्ट करू: खरे वर्ग भरवू. राज्यघटनेच्या पहिल्या आणि चौदाव्या दुरुस्तीवर. जे आम्हाला माहीत व्हायची यांना भीती वाटते ते शिकू. मग जोन बाएझ गाऊ लागते आणि लोक आत जातात.

त्या रात्री खरंच एका मजल्यावर वर्ग भरले. तळमजल्यावर ज्यू पोरांनी हनुकाची प्रार्थना केली. कुणी सबमिशनचा अभ्यास करत बसलं होतं, परीक्षा जवळ आली होती. या मिसिसिपीहून आणलेल्या कल्पना होत्या. तिथल्या उन्हाळ्यात त्यांना फ्रीडम स्कूल म्हणत. म्हणजे बेत होता. तो छोटा होता, एका रात्रीचा होता, पण पंधरा मागण्यांचं बीज त्यात दिसतं: थांबवलेल्या इमारतीत आपण काय शिकवू? माझा यंत्राच्या प्रतिमेवरचा आक्षेप कायम आहे. पण तो सॅव्हिओपेक्षा रील कापणाऱ्यावर जास्त लागू होतो. त्याला बोलताना अडखळायला व्हायचं, लहानपणापासून तोतरेपणा होता, हे माहीत झाल्यावर तर तो शेवटचा याद्या वाचण्यासारखा भाग मला जास्तच सुंदर वाटतो. गाजलेली वाक्यं पाठ म्हणता येतात. झोपायची जागा कुठे हे पाठ करून सांगता येत नाही.

पुढे तो प्रसिद्धीला कंटाळून चळवळीच्या नेतृत्वातून बाजूला झाला, वर्षांनंतर फिजिक्सची पदवी घेतली, कॉलेजात शिकवलं, १९९६मध्ये वारला. पायऱ्यांना आता त्याचं नाव आहे. विद्यापीठाच्या लायब्ररीत चळवळीच्या नावाचा कॅफेही आहे. यंत्र असं कॉफी पाजतं.

तिसऱ्या वर्षाला असताना आमच्या कॉलेजात मुलींच्या होस्टेलच्या वेळेवरून धरणं झालं होतं. मुलींना आठला आत, मुलांना दहाला. पंचवीस-तीस मुली प्राचार्यांच्या केबिनबाहेरच्या व्हरांड्यात बसल्या. आम्ही काही मुलं पाठिंबा म्हणून बसलो. थोड्या वेळाने टीपीओ सर आले, काही बोलले नाहीत, नुसती वही काढून नावं लिहायला लागले. प्लेसमेंट सीझन पाच महिन्यांवर होता. मी पाणी प्यायला म्हणून उठलो.

मागच्या महिन्यात मी संपूर्ण भाषणाची लिंक त्या वेळच्या एका बॅचमेटला पाठवली. ती सगळ्यात पुढे बसली होती, तिचं टर्मवर्क त्या वर्षी अडवलं गेलं होतं. ती आता नाशिकला असते, एका बँकेच्या आयटीत. दोन दिवसांनी उत्तर आलं. भाषण आवडलं, म्हणाली, पण झोपायची जागा वगैरे सांगतो तो भाग ऐकून हसू आलं, कारण आम्ही तेव्हा चटयासुद्धा आणल्या नव्हत्या, फरशी कसली गार होती. मग लिहिलं की तिची मावसबहीण आता तिथेच शिकते, वेळ अजून साडेआठच आहे, म्हणजे आपण मिळवलेला अर्धा तास टिकलाय. आणि शेवटी विचारलं, तूपण होतास ना रे तिथे?

मी टाइप केलं: वीस मिनिटं.